बापाने पढवलेली साक्ष

माझ्या बापाने माझ्यापुढे चहा ठेवला. अंगात वर्दी, डोक्यावर टोपी, हातात ट्रे. आधी साहेबांपुढे, मग माझ्यापुढे. ठेवताना कप बशीत वाजला. साहेब म्हणाले, "सावकाश रे. पाहुणी आहे आपली."

पप्पा हवालदार. निवृत्तीला आलेले. साहेब त्यांच्या मुलाच्या वयाचे. साहेब खुर्चीत, मी खुर्चीत, पप्पा दाराजवळ उभे. खोलीत तिसरी खुर्चीही होती. तिच्यावर साहेबांची बॅडमिंटनची बॅग ठेवलेली होती.

मी उठायला गेले. साहेबांनी हातानेच बस म्हणून सांगितलं. आवाज चढवला नाही. त्या माणसाने कधीच चढवला नाही. ओरडणाऱ्या माणसाचं मला आजही काही वाटत नाही, पोलीस लाईनीत वाढलेय, ओरडणं रोजचंच. हळू बोलणारा समोर आला की मात्र मी आधी दार कुठे आहे ते बघते.

साहेबांनी चहाचा घोट घेतला आणि पप्पांकडे न बघता विचारलं, "सांग रे हिला. आपण कोणामुळे खातो?"

मी कपाकडे बघत होते. वर बघायची हिंमत नव्हती.

"साहेबांमुळे," पप्पा म्हणाले.

"तिला ऐकू गेलं नाही."

"साहेबांमुळे, सर."

"आता कळलं ना बाळ? चहा घे, गार होतोय."

मी घेतला. बापाच्या अपमानावर आलेला चहा मी शेवटपर्यंत प्यायले. कारण मला भीती वाटत होती, की कप अर्धा ठेवला तर ते पप्पांना आणखी काहीतरी म्हणायला लावतील.

आता मी काय केलं होतं ते सांगते. मी बसले होते. कॉलेजच्या पायऱ्यांवर, मागच्या रांगेत, तोंडाला ओढणी बांधून. आमच्या इतिहासाच्या बाईंनी दादरला एका हॉलमध्ये भाषण केलं, सरकारच्या नव्या कायद्यावर. दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांना घरातून उचललं. देशाविरुद्ध बोलल्या म्हणे. ज्या बाई वर्गात एका मुलाला तू आणि दुसऱ्याला तुम्ही म्हणत नव्हत्या, सगळ्यांना तुम्हीच म्हणायच्या, त्या देशाविरुद्ध. आम्ही ठरवलं, बाई सुटेपर्यंत वर्गात जायचं नाही. ठरवलं म्हणजे दीपेशने ठरवलं. लालबागचा दीपेश, माझ्या वर्गातला, बोलायला लागला की थांबायचा नाही. पण त्या दिवशी तो दोनच वाक्यं बोलला. "कोणी दगड उचलायचा नाही, कोणी शिवी द्यायची नाही. आपण नुसतं बसायचं." मी हे माझ्या कानांनी ऐकलंय.

आम्ही बसलो. पोलीस आले, आम्हाला उचलून गाडीत घातलं, संध्याकाळी सोडून दिलं. दुपारी कधीतरी कोपऱ्यावर उभ्या असलेल्या एका जीपची काच फुटली होती. कोणी फोडली, कोणाला माहीत नाही. तेव्हा आम्ही सगळे पोलिसांच्याच गाडीत होतो. तरी दुसऱ्या दिवशी दीपेशला घरातून नेलं. त्याने चिथावणी दिली, पोरांना गाड्या फोडायला सांगितलं, असं म्हणाले. कलमं अशी लावली की जामीन होऊ नये.

मी ओढणी का बांधली होती? कारण माझं भरतीत नाव आलं होतं. महिला शिपाई. पहाटे ग्राउंडवर धावून धावून, गोळा फेकून खांदा सुजवून, लेखी परीक्षा देऊन मी निवड यादीत आले होते. राहिली होती फक्त चारित्र्य पडताळणी. आईने विहारात पेढे ठेवले, मग सगळ्या लाईनीत वाटले. पप्पांनी माझ्या मापाच्या बुटांची चौकशी करून ठेवली होती. आमच्यासारख्या घरात सरकारी नोकरी म्हणजे काय असतं ते ज्यांच्या घरात पिढ्यान्‌पिढ्या नोकऱ्याच होत्या, त्यांना सांगून कळायचं नाही. आणि गुन्हा नोंदला की ही नोकरी गेली. म्हणून ओढणी. पण लाईनीतल्याच एका शिपायाने गाडीत चढवताना माझे धावायचे बूट ओळखले. बूट बदलायचं माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. अर्धवट भित्री मी, दुसरं काय.

तर साहेबांचं म्हणणं साधं होतं. चहा संपल्यावर त्यांनी ते सांगितलं. तू तिथे होतीस. तू आपल्यातली आहेस. भोईवाड्याच्या कोर्टात मॅजिस्ट्रेटसमोर जायचं आणि सांगायचं, दीपेश म्हणाला, गाड्या फोडा. तेवढंच. नाही सांगितलंस तर त्याच्या शेजारी तुझं नाव घालावं लागेल. आणि तुझी पडताळणीसुद्धा शेवटी माझ्याच टेबलावर येणार ना? हे म्हणताना ते हसले. मग म्हणाले, "तुमच्यात पोरं शिकली की आधी भांडायला शिकतात. तू हुशार आहेस. तू नोकरी करायला शीक."

तुमच्यात. तो शब्द पप्पांनीही ऐकला. ते दाराजवळ उभे होते तसेच उभे राहिले. बाहेर आल्यावर त्यांनी टोपी काढून कपाळ पुसलं आणि मला म्हणाले, घरी जा, आईला काही बोलू नको. पण मी पोचायच्या आधीच आईला कळलं होतं. लाईनीत बातमी जिना चढत नाही, ती आधीच वर बसलेली असते.

त्यानंतर घरात भीतीच राहायला आली. कुकरची शिटी झाली की मी दचकायचे. फोन वाजला की आई आधी पप्पांकडे बघायची. समोरच्या मावशी, ज्या रोज सकाळी दारातून जयभीम घालायच्या, त्या आमचं दार उघडं दिसलं की आपलं लोटून घ्यायला लागल्या. त्यांचा मुलगाही खात्यात आहे. त्यांना तरी काय बोलणार? आई एकच वाक्य धरून बसली होती. पाण्यात राहून माशाशी वैर करायचं नसतं. दीपेशला वकील मिळेल, आज ना उद्या तो सुटेल. तुझी नोकरी गेली तर परत येईल का? खरं सांगायचं तर मलाही तेच वाटत होतं. मला नोकरी पाहिजे होती. मला ती वर्दी पाहिजे होती. मी कोणी शूर मुलगी नव्हते आणि आजही नाही.

मी हो म्हणाले.

रविवारी दुपारी तयारी झाली. पप्पांची ड्युटी कोर्टातली. साक्षीदारांना वेळेवर आणायचं, बसवायचं, पाणी द्यायचं, आणि आत पाठवण्याआधी काय बोलायचं ते घोकून घ्यायचं. खात्यात त्याला खोटं शिकवणं म्हणत नाहीत. तयारी म्हणतात. पप्पा त्यात नावाजलेले. कसलाही बावरलेला साक्षीदार असो, पप्पांच्या हाताखालून गेला की पोपटासारखा बोलतो, असं साहेबलोक कौतुकाने म्हणायचे. त्या दिवशी त्यांनी जेवण झाल्यावर ओट्यासमोर स्टूल ठेवलं. त्यावर आईला बसवलं. आई मॅजिस्ट्रेट. मी समोर उभी. पप्पा बाजूला, हात मागे बांधून.

हसू नका. आम्ही हसलो होतो. आईच्या हाताला मटणाच्या वाटणाचा वास आणि ती मला विचारतेय, "तुमच्यावर कुणाचा दबाव, धाक?" पुढचा शब्द तिला आठवेना. पप्पा म्हणाले, आमिष. आईने विचारलं, आमिष म्हणजे? पप्पा म्हणाले, लालूच. मग आम्ही तिघंही हसलो. कित्येक दिवसांनी घरात कोणी हसत होतं.

मग पप्पा गंभीर झाले. म्हणाले, पाठ केल्यासारखं बोलायचं नाही. आधी खरं सांगायचं. कोणत्या पायरीवर होतीस, अंगात काय होतं, ऊन कुठून येत होतं. सगळं खरं. त्यात हळूच ते वाक्य सोडायचं. "खऱ्याच्या मागून गेलं की खोटं कोणी अडवत नाही," ते म्हणाले. इतक्या शांतपणे म्हणाले, की जणू भात किती शिट्ट्यांचा ते सांगत होते.

मी बोलले. आईने पुन्हा विचारलं, मी पुन्हा बोलले. पायऱ्या, ऊन, ओढणी, मग दीपेश उठला, मग दीपेश म्हणाला, गाड्या फोडा. पहिल्यांदा अडखळले. नंतर अडखळले नाही. पप्पा मान डोलवत होते. आणि मग एकदा बोलता बोलता मला तो दिसला. दीपेश. पायरीवर उभा, हात वर केलेला, हातात दगड. रंग दिसला दगडाचा. फरशीचा तुकडा होता, कडेला सिमेंट लागलेलं. घडलंच नव्हतं ते, आणि मला दिसत होतं.

मी मोरीत जाऊन ओकले. आईला वाटलं, मटण बाधलं. मला साहेबांची भीती होती, नोकरीची होती, तुरुंगाची होती. ही नवीन होती. आणखी चारदा घोकलं तर दीपेश काय बोलला होता ते मी कायमचं विसरणार होते. उद्या मी वर्दी घालणार, असे किती दीपेश माझ्यापुढे आणून बसवणार, आणि मला प्रत्येकाच्या हातात दगड दिसणार. ज्या नोकरीसाठी मी खांदा सुजवला ती नोकरी माझ्या डोळ्यांपासून सुरू होणार होती. तरी मी चूळ भरून परत आले आणि पप्पांना म्हणाले, झाली तयारी. एवढं समजूनही मी तेच म्हणाले. भीती अशी असते.

कोर्टात जायच्या दिवशी पप्पाच मला घेऊन गेले. साहेबांनी मुद्दाम त्यांनाच पाठवलं. बरोबर एक लेडीज कॉन्स्टेबल. भोईवाड्याचा रस्ता माझ्या पायाखालचा, लहानपणी पप्पांचा डबा घेऊन किती वेळा आलेय. त्या दिवशी प्रत्येक गाडी आपल्याच अंगावर येतेय असं वाटत होतं. कॉरिडॉरमध्ये बाकावर दीपेशची आई बसली होती. त्याची काही तारीख होती की ती रोजच येत होती, मला कळलं नाही. सुती साडी, मांडीवर पिशवी, पिशवीत डबा. तिने मला ओळखलं. तिला वाटलं, मी तिच्या मुलासाठी आलेय. वाटणारच. मी तिच्या घरी गणपतीत जेवलेले.

ती उठून जवळ आली, माझा हात धरला आणि म्हणाली, "माजो झील तसा काय बोलाचो नाय गो. तुका ठावक आसा ना?"

पप्पा मध्ये आले. बाई, बाजूला व्हा, म्हणाले. वाईट बोलले नाहीत, रोज बोलतात तसं बोलले. ती बाजूला झाली. मी मान खाली घालून पुढे गेले.

मॅजिस्ट्रेट एक बाई होत्या. चष्मा, पांढरी साडी, समोर फायलींचा ढीग, थकलेल्या. त्यांनी सगळ्यांना बाहेर जायला सांगितलं. नियमच आहे तसा, पोलिसांनी आत थांबायचं नाही. कॉन्स्टेबल गेली, पप्पा गेले, दार लागलं. आत मी, त्या, आणि कोपऱ्यात टायपिस्ट. दाराला जाड धुरकट काच होती. काचेपलीकडे पप्पांच्या टोपीचा आकार दिसत होता.

नाव विचारलं. वय, शिक्षण, पत्ता. सगळं खरं सांगितलं. मग त्या म्हणाल्या, "तुमच्यावर कोणाचा दबाव, धाक किंवा आमिष आहे का?"

"नाही" जिभेवर तयार होतं. तोंड उघडलंसुद्धा होतं. त्यांनी लिहायला पेन उचलला आणि माझ्याकडे बघून थांबल्या. मी काहीच बोलत नाही म्हटल्यावर त्यांनी तोच प्रश्न पुन्हा विचारला. चिडून नाही. आणि मला कळलं, की इतक्या दिवसांत पहिल्यांदा कोणीतरी स्वतःला उत्तर माहीत नसताना मला प्रश्न विचारतंय. साहेबांना माझं उत्तर माहीत होतं. आईला माहीत होतं. पप्पांनी तर ते स्वतः तयार केलं होतं. या बाईंना माहीत नव्हतं.

"आहे," मी म्हणाले.

टायपिस्टचे हात थांबले.

"कोणाचा?"

मी साहेबांचं नाव घेतलं. हुद्द्यासकट. घेताना मी टेबलाला धरून उभी होते. त्यांनी लिहून घेतलं. मग विचारलं, आणखी कोणाचा?

इथे थांबता आलं असतं. साहेबांचं नाव पुरे होतं. मी काचेकडे पाहिलं. टोपी हलत नव्हती. आयुष्यभर त्या माणसाने दाराबाहेर उभं राहून आपल्या तयारीचे शब्द आत बोलून व्हायची वाट पाहिली होती. मी त्यांना वगळलं असतं, तर माझी साक्षही त्यांनीच शिकवलेल्या रीतीने झाली असती. बरंचसं खरं, आणि त्याच्याआड लपवलेलं एक खोटं.

"माझ्या वडिलांचा," मी म्हणाले. "त्यांनी घरी माझ्याकडून पाठ करून घेतलं."

"कुठे आहेत ते?"

"दाराबाहेर."

त्यानंतर मी दीपेशची दोन वाक्यं सांगितली. जशीच्या तशी. मला ती अजून येत होती.

बाहेर आले तर पप्पांनी माझ्या तोंडाकडे पाहिलं. मला घाम सुटला होता. ते म्हणाले, झालं? मी म्हणाले, झालं. त्यांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाले, शाब्बास. मला कोर्टाबाहेर नेऊन लिंबू सरबत पाजलं. स्वतः घेतलं नाही. माझ्याकडे बघत उभे राहिले, आणि त्या सगळ्या दिवसांत पहिल्यांदा त्यांचा चेहरा सैल पडलेला दिसला. मी ते सरबत प्यायले आणि त्यांना सांगू शकले नाही. त्यांना ते साहेबांकडून कळलं.

पुढे काय होणार हे मला माहीत होतं, तसंच झालं. दीपेशच्या शेजारी माझं नाव आलं. मला अटक झाली, बऱ्याच दिवसांनी जामिनावर सुटले. कॉलेजची परीक्षा मी आत असताना होऊन गेली. निवड यादीतून नाव कमी झालं. पप्पा निलंबित झाले, चौकशी लागली. साक्षीदारावर दबाव आणल्याबद्दल. साहेबांवर काही नाही, त्यांनी म्हणे कधी कोणाला काही सांगितलंच नव्हतं. हवालदाराने आपल्या मनाने केलं. दीपेश अजून आत आहे. माझ्या साक्षीने तो सुटला नाही. इतिहासाच्या बाईही आतच आहेत. हे सगळं मी वाचणाऱ्याला बरं वाटावं म्हणून लपवणार नाही.

लाईनीत आमच्याशी कोणी बोलत नाही. खोली कधी सोडायला सांगतील याचा नेम नाही. आई बोलते, पण एकाच गोष्टीवर येऊन थांबते. साहेबांचं नाव घेतलंस ते घेतलंस, बापाचं घ्यायची काय गरज होती? मी तिला सांगून पाहिलं. ती म्हणते, आपलेच दात आणि आपलेच ओठ. तिचं चूक आहे असं मला म्हणवत नाही. पप्पा नुसते घरात बसून असतात. वर्दी इस्त्री करून खुंटीला टांगतात, आणि घालत नाहीत.

मागच्या आठवड्यात ते माझ्याशी बोलले. किती महिन्यांनी. मी भांडी घासत होते, ते ओट्याला टेकून उभे राहिले. म्हणाले, साहेबांचा निरोप आहे. खटला उभा राहील तेव्हा सांग, की त्या दिवशी मी घाबरले होते, काय बोलले ते मला कळत नव्हतं. मग माझी चौकशीही मिटेल आणि तुझी केसही.

मी म्हणाले, "घाबरले होते, हे खरंच आहे पप्पा. ते मी सांगेन. बाकीचंही सांगेन."

"माझं नाव घेशील परत?"

"हो."

मी हातातलं पातेलं घासत राहिले, घासून झालं तरी घासत राहिले. माझे पाय कापत होते आणि ते त्यांना दिसत होतं, कारण कोणता साक्षीदार कुठे कापतो हे त्यांच्याइतकं कोणाला कळत नाही.

त्यांनी मला समजावलं नाही, शिवी दिली नाही. मीही त्यांना माफ करा म्हणाले नाही. माझ्या बापाला त्या खोलीत ट्रे घेऊन उभं कोणी केलं, हे मला कोर्टात सांगायचंय, आणि तो उभा राहिला, हेही सांगायचंय. एक सांगून दुसरं गाळता येत नाही. गाळलं तर उद्या दुसऱ्या कोणाच्या तरी मुलीला त्याच खोलीत चहा मिळेल.

तारीख लागेल. मी जाईन. जाताना रस्ता ओलांडायलासुद्धा भीती वाटेल, हे मला आत्ताच माहीत आहे. साक्षीच्या पिंजऱ्याला धरायला लाकडाचा कठडा असतो. मी तो दोन्ही हातांनी धरेन, आणि आधी साहेबांचं नाव घेईन, आणि त्यानंतर माझ्या बापाचं.